सप्त्यातली लय

दिंद्रुडला सप्ता बसला की घराघरातली घड्याळं चालूच असतात, पण त्यांना कुणी विचारत नाही. "कधी येतोस?" म्हटलं की उत्तर मिळतं, "काकड्याला", "हरिपाठाला", नाहीतर "कीर्तन सुटल्यावर". पहाटे ४ ला काकडा, मग विष्णुसहस्रनाम, सकाळभर ज्ञानेश्वरीचं पारायण, दुपारी गाथाभजन, उन्हं कलताना प्रवचन, दिवस मावळता हरिपाठ, रात्री ९ ते ११ कीर्तन आणि पुढं जागर. माजलगाव तालुक्यातल्या आमच्या गावाची पत्रिका घ्या, नाहीतर दुसऱ्या कुठल्या गावाची; साधारण हेच छापलेलं असतं. या सगळ्याच्या मधोमध वीणा. ती सात दिवस खाली टेकत नाही. एकाच्या गळ्यातून निघते ती थेट दुसऱ्याच्या गळ्यात पडते, मग रात्रीचे २ का वाजले असेनात.

संगीतानं काळ थांबला, सृष्टी पालटली, असं अद्भुत कादंबऱ्यांत वाचायला मिळतं. मी मृदंग वाजवतो, त्यामुळं मला त्यातली जादू कमी आणि मेहनत जास्त दिसते.

पहिली मेहनत कातड्याशी. पहाटे गारवा असतो, शाईची पुडी उतरलेली असते. दुपारी मंडपावरचे पत्रे तापले की तीच पुडी चढते. पेटीवाला मात्र आपल्या काळी चारवर पक्का बसलेला, त्याला उन्हाशी काही घेणं नाही. मग हातोडी घ्यायची आणि गठ्ठे ठोकत राहायचं. डाव्या अंगाला, धुम्याला, कणीक लागते. सैल मळली तर हाताला चिकटते, सुकली की तडकते आणि घुमारा जातो. चैत्रातल्या उन्हात ती एका भजनाच्या आत सुकते, म्हणून पाण्याची वाटी शेजारी असावीच लागते.

दुसरी मेहनत लयीशी, आणि ती जन्मभर पुरते. भजनी ठेका ८ मात्रांचा. सेकंदाला एक मात्रा धरली तर आवर्तन ८ सेकंदांचं. दुगण लावली की बोल दुप्पट होतात, चौगणीत चौपट. आवर्तन मात्र त्याच ८ सेकंदांत समेवर यायला हवं. ऐकणाऱ्याला वाटतं, काळ पळाला. टाळकऱ्यांच्या हातात तो होता तिथंच असतो. ही फसवणूक जितकी चोख, तितका वादक पक्का. नव्या पोरांचं काय होतं, की दुगणीबरोबर आवर्तनही पळतं. आठाचे सात होतात, मग सहा, आणि गाणाऱ्याला श्वास घ्यायलाही जागा उरत नाही. उतारावर भरली गाडी असली की बैलं मागं ओढून धरावी लागतात, तसा डाव्या हातानं सगळा मंडप धरून ठेवायचा असतो. लोकांना उजव्या हाताचा कडकडाट दिसतो, टाळ्या त्यालाच पडतात. पडू द्याव्यात.

हा धीर शिकायला लांब जायची गरज नव्हती. पखवाजासाठी पद्मश्री मिळालेले शंकरबापू आपेगावकर आमच्याच जिल्ह्यातल्या, अंबाजोगाई तालुक्यातल्या आपेगावचे. (ज्ञानेश्वरांच्या पूर्वजांचं आपेगाव ते वेगळं, पैठणजवळचं. बाहेरची माणसं हमखास गल्लत करतात.) मैफलीत चौतालाच्या १२ आणि धमाराच्या १४ मात्रा मांडणारा पखवाज आणि कीर्तनात पट्ट्यानं गळ्यात अडकवलेला आमचा मृदंग, वाद्य एकच. मान तेवढे वेगवेगळे.

कीर्तनात सगळ्यात अवघड काय, तर थांबणं. महाराज निरूपणात शिरले की दहा-वीस मिनिटं मृदंग गप्प. मग बोलता बोलता ते एकदम चालीवर येतात, त्यांचा हात वर जातो आणि त्याच क्षणी थाप पडावी लागते. "थांबा माउली, लय बघतो," असं म्हणता येत नाही. मी त्यांच्या तोंडाकडं बघत नाही, पावलांकडं बघतो. पाऊल हलायला लागलं की चाल आली.

शेवटच्या दिवशी काल्याचं कीर्तन. ऊसतोडीवरून परतलेला मुकादम आणि त्याच्याच टोळीतला गडी एकमेकांचे हात धरून फुगडी घालतात. पाचच मिनिटं, पण तेवढ्यात कुणी उचलीचा हिशोब काढत नाही. हंडी फुटून काला वाटला, पंगती उठल्या, की हिशोब पुन्हा सुरू होतात. मृदंगाची ताकद एवढीच. मला ती थोडी वाटत नाही.

पण हल्ली ही ताकद मंडपातच मोडते, म्हणून हे लिहायला बसलो. आवाज एका सेकंदात साधारण ३५० मीटर जातो. माझ्यापासून १०० मीटर मागं उभ्या टाळकऱ्याला माझी थाप पाव सेकंदाहून उशिरा पोचते, आणि द्रुत लयीत तेवढ्यात जवळपास एक मात्रा निघून जाते. म्हणजे पुढच्यांची सम येऊन गेलेली असते, तेव्हा मागच्यांची यायची असते. एकाच मंडपात दोन काळ! आषाढी वारीत प्रत्येक दिंडीची वीणा वेगळी आणि मृदंगही वेगळा असतो, त्यातलं शहाणपण हा हिशोब मांडल्यावर मला नीट उमगलं. एका मृदंगावर सगळी वाट चालवायची म्हटली असती तर कुणाचंच पाऊल कुणाशी जुळलं नसतं.

अंतराचं एक समजू शकतो. त्यावर साउंडवाला इको चढवतो. गळ्याला तो शोभतो, कबूल. मृदंगाच्या मात्र एका थापेच्या तीन थापा होतात. टाळकरी तिसरी धरतात, मी पहिलीवर असतो, लय रेंगाळते, आणि कीर्तन सुटल्यावर लोक म्हणतात, आज रंग भरला नाही.

तेव्हा यंदा सप्ता बसवणाऱ्या मंडळींना एवढीच विनंती, की इको हवाच असेल तर तो महाराजांच्या माइकला, तोही बेतानं लावा. मृदंगाच्या आणि टाळांच्या माइकचा इको बंद ठेवा. आणि मागं उभ्या टाळकऱ्यांना पुढं, मृदंगाजवळ बोलवा.