शेजारच्या काकांची सही

मंडळी, आज एक कबुली द्यायची आहे.

सकाळी मोबाइलवर भीमसेनजींची तोडी लावावी आणि ऐन आलापीत साबणाची जाहिरात यावी, याचा मला फार वैताग. नातू म्हणाला, "आजी, दे इकडे." त्याने कुठल्याशा साइटवरून एपीके फाइल उतरवली. अनोळखी ठिकाणचे अ‍ॅप धोक्याचे, असे फोन बजावत होता. त्याने परवानगी देऊन टाकली. अ‍ॅप तेच, फक्त कुणीतरी आत फेरफार करून जाहिराती काढलेल्या.

आठ दिवस मजेत गेले. मग अ‍ॅपने माझे एसएमएस वाचायची परवानगी मागितली. गाणे ऐकवायला एसएमएस कशाला? बँकेचे ओटीपी त्यातच येतात!

"हे बदललंय कोणी?" मी विचारले. त्याला ठाऊक नव्हते. एवढेच म्हणाला, की मूळ अ‍ॅपवर बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. आत काही बदलले की ती चालत नाही, मग बदलणारा स्वतःची करतो.

म्हणजे प्रगतिपुस्तकात खाडाखोड करून शेजारच्या काकांची सही आणणारा मुलगा! असे कितीतरी मी वर्गात पकडले होते.

अ‍ॅप काढायला लावले. काढता काढता नातू म्हणाला, "पण आजी, आठ दिवस ऐकलंस ना?"

उत्तर सुचले नाही. एसएमएस मागितले नसते, तर मी काढले असते का?

असो. साबण परत आला आहे.