तिशीतली आई

१९७०च्या 'जॉनी मेरा नाम'मध्ये सुलोचनाबाईंना दोन मुलगे आहेत, प्राण आणि देव आनंद. प्राण त्यांच्याहून आठ वर्षांनी मोठे, देव आनंद जवळजवळ पाच वर्षांनी. बाई तेव्हा बेचाळीस वर्षांच्या होत्या. केसांवर थोडी पांढरी छटा आणि साधी साडी, एवढ्यावर हिंदी सिनेमानं त्यांचं वय ठरवून टाकलं.

मला याचा आजही राग येतो. खडकलाटसारख्या सीमाभागातल्या गावातून ही मुलगी कोल्हापुरात आली, मास्टर विनायकांच्या प्रफुल्ल पिक्चर्समध्ये शिरली आणि पुढे भालजी पेंढारकरांच्या तालमीत घडली. 'मीठभाकर', 'वहिनीच्या बांगड्या' या चित्रपटांनी तिला घराघरांत नेलं. मराठीत ती नायिका होती. १९५९ साली बिमल रॉय यांच्या 'सुजाता'त ती नूतनची आई झाली, तेव्हा ती अवघी तीस वर्षांची होती. त्यानंतर हिंदीनं तिला पुन्हा तरुण होऊ दिलं नाही.

पण 'सुजाता'तली ती चारू पाहिली की रागाच्या जागी दुसरंच काही दाटून येतं. पटकीत आईबाप गेलेली एक अस्पृश्य पोर इंजिनिअरच्या बंगल्यात येते, वाढते. चारू तिला सांभाळते, पण लोकांसमोर ओळख करून देताना 'बेटी' म्हणून थांबत नाही, पुढे 'जैसी' जोडते. या बाईला दुष्ट करून टाकणं किती सोपं होतं! सोवळ्याओवळ्याचा सगळा कडवेपणा बुआजी झालेल्या ललिता पवारांच्या वाट्याला आहे. सुलोचनाबाईंनी चारूला चांगली बाईच ठेवलं. तिची माया खरी आहे आणि मनातली भिंतही तितकीच खरी आहे. दोन्ही एकाच चेहऱ्यावर नांदतात. म्हणून तर जिन्यावरून पडलेल्या चारूला सुजाताचंच रक्त जुळतं, तेव्हा आपण सुजाताइतकेच चारूसाठीही हळवे होतो. अस्पृश्यता भल्या माणसांच्या घरात कशी राहते, हे त्या भूमिकेइतकं नेमकं मी हिंदी पडद्यावर क्वचित पाहिलं आहे.

पुढची वर्षं मात्र बहुतेक नायकांच्या पाठीशी उभं राहण्यात गेली. चरित्र अभिनेत्रीचं काम असं असतं की संवाद नायकाचा, प्रकाश नायकावर, आणि आईनं फक्त ऐकायचं. तेही खरं ऐकायचं, नाहीतर नायकाचं दुःख पोकळ वाटतं. बाई मनापासून ऐकत.

दूरदर्शनवर जुना हिंदी सिनेमा लागला की आमची आजी श्रेयनामावलीत 'सुलोचना' शोधायची. नाव दिसलं की "आपल्या बाई आहेत गं," असं म्हणून पदर सावरून बसायची. बाईंच्या वाट्याला दोनच प्रसंग आले की तिचा जीव तुटायचा. "जिजाऊ झालेली बाई ही! हिच्या हातात नुसतं पूजेचं ताट देतात." तिनं १९६४चा 'मराठा तितुका मेळवावा' थिएटरात पाहिला होता आणि तिच्यासाठी जिजाऊंचा चेहरा तोच राहिला.

पद्मश्री मिळाली, महाराष्ट्र भूषण मिळाला. ४ जून २०२३ रोजी बाई गेल्या, तेव्हा बातम्यांमध्ये त्या कुणाकुणाची आई झाल्या होत्या याचीच उजळणी चालली होती. त्या दिवशी मी 'मोलकरीण' लावला. १९६३चा. त्यातही लबाडी तीच आहे, कारण मुलगा झालेले रमेश देव त्यांच्याहून जेमतेम सहा महिन्यांनी लहान. पण पोटाला चिमटा काढून शिकवलेल्या मुलाला आपली लाज वाटते, आणि पुढे त्याच्याच घरात मोलकरीण म्हणून राबायची वेळ येते, त्या आईचा तो सिनेमा आहे. तिचं दुःख कुणाच्या पाठीमागे उभं नाही. ते सुरू कुठं होतं, मुरतं कसं, हे सगळं आपल्याला बघायला मिळतं. आई म्हणून एवढी जागा हिंदीत बिमलदा सोडले तर त्यांना फारशी कुणी दिली नाही.