वाचनातही फेरपालट हवी

एकाच रानात वर्षानुवर्षे एकच पीक घेतले तर जमिनीचा कस उतरतो, हे शेतकऱ्याच्या लहान मुलासही सांगावे लागत नाही. म्हणूनच आपण कपाशीनंतर ज्वारी, ज्वारीनंतर हरभरा अशी फेरपालट करतो. हाच नियम मनाच्या भूमीलाही लागू पडतो, याकडे मात्र आपले फारसे लक्ष जात नाही. एखाद्याला कादंबरीची गोडी लागली की तो जन्मभर कादंबऱ्याच वाचतो. दुसरा चरित्रांपलीकडे पाहत नाही. आणि पुष्कळांच्या घरी प्रार्थनेचे पुस्तक व मुलांची क्रमिक पुस्तके यांवाचून तिसरे पुस्तकच नसते.

आमचे बिऱ्हाड धूलकोटला. बुऱ्हाणपूर जिल्ह्यातील हे गाव मध्य प्रदेशात असल्यामुळे आमची मुले शाळेत हिंदीतून शिकतात आणि घरी मराठी बोलतात. मराठी पुस्तक आपण होऊन त्यांच्या हाती येत नाही. ते आम्हीच आणून द्यावे लागते. वर्षाकाठी चारदोन पुस्तकेच घेता येतात, तेव्हा ती कोणती घ्यावीत हा प्रश्न आमच्या घरी दर वेळी उभा राहतो. माझ्या वडिलांना लढायांची पुस्तके प्रिय, तर मुलांच्या आईला विनोदी. वडील म्हणत, "हसण्यासाठी पैसे कशाला मोडायचे?" ती म्हणे, "मामंजी, मेलेल्या राजांची भांडणे वाचून आपल्याला काय मिळायचे?" दोघांचे ऐकता ऐकता माझ्या ध्यानात आले की, या दोन्ही प्रकारच्या पुस्तकांना एकमेकांची गरज आहे.

आधी विनोदाचे पाहू. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव व गुंड्याभाऊ मराठी वाचकांच्या घरचेच झाले आहेत. त्यांचा निर्माता बडोद्यास पाली भाषेचा प्राध्यापक होता, हे पुष्कळांना ठाऊक नसते. दिवसा प्राचीन ग्रंथांचे अध्यापन करणाऱ्या विद्वानास चिमणरावाची फजिती रंगविण्यात कमीपणा वाटला नाही! पु. ल. देशपांडे यांनी तर मुंबईकर, पुणेकर किंवा नागपूरकर व्हायचे असल्यास कोणकोणती तयारी करावी, याची जणू मार्गदर्शिकाच लिहिली. तिच्यात ते कोणत्याही गावाला सोडत नाहीत, आणि तरीही कोणत्याही गावचा माणूस रागावत नाही. उलट, "हा तर मीच!" असे म्हणून तो पोट धरून हसतो. चांगल्या विनोदी पुस्तकाचा हाच मोठा उपकार होय. आपल्याच माणसांकडे, आपल्याच सवयींकडे थोडे दुरून पाहण्यास ते शिकविते.

आता लढायांकडे वळू. युद्धाचा इतिहास म्हणजे तलवारींचा खणखणाट असा कित्येकांचा समज असतो. परंतु नीट लिहिलेला युद्धाचा इतिहास पुष्कळदा धान्याचा, वैरणीचा, पावसाचा आणि रस्त्यांचा इतिहास असतो. १७६० साली उदगीरच्या विजयानंतर बुऱ्हाणपूर व अशीरगड निजामाकडून पेशव्यांकडे आले, आणि त्याच वर्षी सदाशिवरावभाऊंची फौज बुऱ्हाणपूरच्या वाटेने उत्तरेकडे गेली. पुढे डिसेंबरात गोविंदपंत बुंदेले मारले गेले, रसद तुटली, आणि १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर जी फौज लढली ती अनेक दिवसांची उपाशी होती. घरातील कणगी रिकामी झाली म्हणजे काय होते हे जाणणाऱ्या शेतकऱ्यास हे प्रकरण कोणी समजावून सांगावे लागत नाही. अशाच एका पुस्तकात 'धूळकोट' म्हणजे मातीचा तट, असे माझ्या मुलाने वाचले, तेव्हा आपल्या गावाचे नाव युद्धाच्या शब्दांत आहे म्हणून तो केवढा हरखला!

परंतु याच मुलाने एके दिवशी माझ्यापुढे मोठा प्रश्न टाकला. अशीरगड कसा पडला, याची एक हकिकत त्याला कोणीतरी मोबाइलवर पाठविली होती. ती वाचून तो तापला होता आणि वर्गातील एका मित्राशी त्याचे वाजलेही होते. मी त्याला म्हणालो, "बाळ, एकाच साक्षीवर निकाल देऊ नये." मग आम्ही ते प्रकरण शोधून वाचले.

बुऱ्हाणपूरच्या उत्तरेस उभा असलेला हा किल्ला फारुकी घराण्यातील शेवटचा राजा बहादूर याच्या ताब्यात होता. अकबर बादशहा १६०० साली स्वतः येऊन बसला, वेढा कित्येक महिने चालला आणि जानेवारी १६०१ मध्ये किल्ला पडला. येथवर सर्वांचे एकमत आहे. पुढे मात्र वाटा फुटतात. बादशहाच्या पदरचे लेखक म्हणतात की, गडावर रोगराई पसरली व शिबंदी खचली. परंतु त्या वेळी बादशहाच्या छावणीत फादर जेरोम झेवियर हे येशूसंघाचे धर्मगुरू होते. संत फ्रान्सिस झेवियर यांच्या बहिणीच्या वंशातील हे पुरुष. त्यांच्या पत्रांवरून येशूसंघाच्या इतिहासकारांनी जो वृत्तांत लिहिला, त्यात वेगळेच आहे: अभयवचन देऊन बहादुरास खाली बोलाविले, मग त्याला अडकवून ठेविले, आणि शेवटी गडावरील सरदारांना द्रव्य देऊन दरवाजे उघडले. पोर्तुगिजांकडून तोफा व दारूगोळा मागवून द्या, असे बादशहाने फादरांना सांगितले व त्यांनी ते धर्माविरुद्ध म्हणून नाकारले, हेही त्यातच आहे.

मुलाने लगेच विचारले, "मग बाबा, आपल्या फादरांचेच खरे ना?" वाचकहो, या प्रश्नाचे उत्तर आपण काय दिले असते? दरबारी लेखकाला आपल्या धन्याचा मोठेपणा सांगावयाचा होता, हे उघड आहे. परंतु त्याच येशूसंघीय वृत्तांताप्रमाणे गडाच्या रक्षकांत सात पोर्तुगीज अधिकारीही होते, आणि पुढे ते फादरांच्याच हवाली करण्यात आले. म्हणजे या बाजूच्या लेखकालाही आपली माणसे होती, आपला जिव्हाळा होता. व्हिन्सेंट स्मिथ या इतिहासकाराने १९१७ साली येशूसंघाची बाजू ग्राह्य मानली; नंतरच्या अभ्यासकांनी तीही तपासून पाहिली. मी मुलास एवढेच सांगितले की, आपल्या माणसाने लिहिले म्हणून डोळे मिटून मानू नये आणि दुसऱ्याने लिहिले म्हणून फेकून देऊ नये. दुसऱ्या दिवशी त्याने तो सर्व वृत्तांत आपल्या मित्रालाही ऐकविला, आणि दोघांची पुन्हा गट्टी जमली.

बुऱ्हाणपूरच्या आसपास अनेक धर्मांची माणसे पिढ्यान्‌पिढ्या शेजारी राहत आली आहेत. येथे एका बाजूच्या पुस्तकावर वाढलेला मुलगा शेजाऱ्याचा वैरी होण्यास वेळ लागत नाही. केवळ लढाया वाचणाऱ्याच्या अंगी गर्व भरतो. त्याला चिमणरावाने हसविले पाहिजे. केवळ विनोद वाचणारा साऱ्याच गोष्टी हसण्यावारी नेतो. त्याला पानिपतावरील उपाशी शिपाई दिसला पाहिजे. स्वतःला हसू शकणारा मनुष्यच आपल्या लोकांच्या चुका शांतपणे वाचू शकतो.

मात्र विविधता म्हणजे हाती येईल ते वाचणे नव्हे. त्यासाठी एक जुनी कसोटी आहे. १५२१ साली पाम्प्लोना येथे तोफेच्या गोळ्याने पाय मोडलेले संत इग्नाती अंथरुणावर पडून होते. त्यांना हव्या होत्या शूर सरदारांच्या कथा. घरात मिळाली ख्रिस्तचरित्र आणि संतचरित्रे. कोणते विचार मनाला घटकाभर सुखवून मग कोरडे टाकतात आणि कोणते मागे समाधान ठेवून जातात, हे त्यांनी तेथे पारखले. पुस्तक मिटल्यावर आपल्या मनात काय उरले, हे आपणही पाहावे. तिरस्कार उरत असेल, तर ते पुस्तक कितीही गाजलेले असो, मुलांच्या हाती देण्यापूर्वी दहा वेळा विचार करावा.

आमच्या घरी आता असा परिपाठ आहे: वर्षात चार पुस्तके घ्यावयाची, एक हसविणारे, एक इतिहासाचे, एक शेतीचे वा आरोग्याचे आणि एक चरित्र. रात्री जेवणानंतर अर्धा तास कोणीतरी मोठ्याने वाचतो. हिंदीतून शिकणारी मुले सुरुवातीस अडखळत, आता वाचण्याची पाळी आपली यावी म्हणून भांडतात. वडील चिमणराव ऐकून हसतात, आणि मुलांची आई रसद तुटल्याचे ऐकून हळहळते. चार पुस्तके परवडत नसतील तर चार घरांनी एकेक घ्यावे व आपसांत बदलावे. येत्या पावसाळ्यात शेतीची कामे थोडी उसंत देतील, तेव्हा आपल्या घरी आजवर कधी न आलेल्या प्रकारचे एक तरी पुस्तक प्रत्येक कुटुंबाने आणावे, एवढीच विनंती.