विजापूरचा बोलका घुमट

विजापूरचें नांव महाराष्ट्रीय वाचकांस परकें नाहीं. शहाजी राजे ज्या आदिलशाहीच्या पदरीं होते, तिची ही राजधानी. १९५६ पर्यंत हा जिल्हा मुंबई राज्यांत होता. आतां तो कर्नाटकांत असून २०१४ पासून शहराचें सरकारी नांव विजयपुर असें झालें आहे. सोलापुराकडून आगगाडीनें भीमा ओलांडली, कीं काळ्या जमिनीचा सपाट प्रदेश लागतो, आणि शहर दिसण्यापूर्वींच क्षितिजावर गोल घुमट दिसूं लागतो.

महंमद आदिलशहा १६५६ सालीं वारला. त्याचीच ही कबर. आंत सुमारें ४१ मीटर लांबी-रुंदीचें एकच चौरस दालन असून मध्यें एकही खांब नाहीं. एकमेकांस छेदणाऱ्या कमानींनीं चौकोनाचें वर्तुळ साधलें आहे, व त्यावर सुमारें ३८ मीटर आंतील व्यासाचा घुमट बसविला आहे. दालनांतील चौथऱ्यावर दिसणारीं थडगीं केवळ खुणेचीं. खरीं थडगीं तळघरांत आहेत. चार कोपऱ्यांस चार सातमजली मनोरे आहेत. त्यांतील अरुंद जिन्यानें आम्ही वर गेलों. साठी उलटलेल्या गुडघ्यांस त्या पायऱ्यांनीं पुष्कळ कांहीं ऐकविलें. तथापि घुमटाच्या कडेच्या सज्जांत पाऊल टाकतांच सारा शीण विसरला.

येथें भिंतीशीं तोंड नेऊन कुजबुजलेलें पलीकडे कान लावून बसलेल्या माणसास स्पष्ट ऐकूं येतें. टाळी वाजवावी, तर ती सात-आठ वेळां, शांतता असल्यास दहा वेळांही परत येते. लंडनच्या सेंट पॉल या प्रार्थनामंदिरांत असाच एक सज्जा आहे. त्याच्या निमित्तानें लॉर्ड रॅले यांनीं कुजबुजीची उपपत्ति लाविली, ती अशी: ध्वनीच्या लहरी वक्र भिंतीस बिलगून सरकतात, म्हणून मोकळ्या जागेंतल्याप्रमाणें त्या चहूंकडे विखुरत नाहींत. आपल्या चंद्रशेखर वेंकट रामन यांनींही पुढें या विषयांत संशोधन केलें.

आम्हां संस्कृताच्या शिक्षकास मौज वाटली ती काळाच्या हिशेबाची. हवेंत ध्वनि सेकंदास सुमारें ३४३ मीटर जातो. म्हणजे समोरच्या भिंतीस लागून परत येण्यास त्यास पाव सेकंदाहून किंचित् कमी वेळ लागतो. एखादें लघु अक्षर उच्चारावें, साधारण तितकाच. नैयायिकांचा वीचीतरंगन्यायही येथें मुलांस सहज समजावा. एका लाटेनें दुसरी उठवावी, तसा एका शब्दापासून पुढचा शब्द उपजतो, आणि आधींचा नष्ट होतो.

आमच्यासमवेत आमचे एक विधुर स्नेही होते. चाळीस वर्षांपूर्वीं ते सपत्नीक येथें आले असतां त्यांच्या पत्नीनें लहानग्या मुलीस याच सज्जांतून हांक मारली होती. टाळ्यांचा नाद विरल्यावर ते हळूच म्हणाले, "मास्तर, त्या हांकेचा कांहीं अंश या भिंतींत उरला असेल काय हो?"

ही कल्पना थोरांसही सुचलेली आहे. चार्ल्स बॅबेज या इंग्रज गणितज्ञानें १८३७ सालीं असें प्रतिपादिलें, कीं उच्चारलेल्या शब्दाची गति हवेच्या कणांत कायमची राहते. दगड जुने आवाज धरून ठेवितात, व योग्य कंप मिळतांच गेलेला काळ पुन्हा बोलूं लागतो, अशा कथाही पुष्कळांनीं रचिल्या. स्नेह्यांच्या चेहऱ्याकडे पाहून "असेल" म्हणावें, असें क्षणभर मनांत आलें. परंतु जन्मभर मुलांस खरें तें सांगण्याचा धंदा केलेला, जीभ वळेना. प्रत्येक फेरींत ध्वनीचा कांहीं भाग भिंत शोषते, कांहीं हवेंत मुरतो. त्याची अतिसूक्ष्म उष्णता होते, आणि कणांच्या अस्ताव्यस्त गतींत शब्दाचा आकार पुसला जातो. उष्णता उरते, हांक उरत नाहीं. हें आम्हीं त्यांस जसेंच्या तसें सांगितलें.

ते बराच वेळ कठड्याशीं उभे होते. मग म्हणाले, "आमची मुलगी आतां नातीस हांक मारते ना, तेव्हां शेवटचें अक्षर तसेंच लांबविते. अगदीं तिच्या आईसारखें."

दुरून हांक मारतांना शेवटचा स्वर प्लुत होतो, असें पाणिनीनें सांगून ठेविलें आहे. आम्ही म्हणालों, "तो प्लुत तिला आईनें दिला. दगडाला तो घेतां येत नाहीं."

घुमट दहा वेळां बोलून गप्प होतो. वैदिकांनीं पद, क्रम, जटा, घन अशा पाठांनीं तेच शब्द कंठोकंठीं सुमारें तीन हजार वर्षें जिवंत ठेविले. या परंपरेचा २००३ सालीं युनेस्कोनेंही गौरव केला. शब्द राखण्याचें काम मनुष्याच्याच गळ्याकडे आहे, आणि तें प्रत्येक पिढीनें नव्यानें करावयाचें आहे.

वाचकांनीं विजापुरास अवश्य जावें, व सकाळीं लवकर वर चढावें. उन्हें चढल्यावर सहलीच्या मुलांचा कल्लोळ होतो, मग एकही प्रतिध्वनि वेगळा ओळखूं येत नाहीं. सोबत घरांतलें एखादें मूल न्यावें, आणि आजी ज्या सुरांत त्यास हांक मारते, त्याच सुरांत हांक मारावयास त्यास शिकवावें.