मनकवडा रुमाल

'मनकवडा' हा मराठीतला फार गोड शब्द आहे. समोरच्याच्या मनातलं त्यानं न सांगता ओळखणारा तो मनकवडा. पण गंमत बघा, मनकवडा माणूस असतो, मनकवडी वस्तू ऐकली आहे कधी?

मला ती पहिल्यांदा भेटली इंद्रजाल कॉमिक्समध्ये. मार्च १९६४ ला सुरू होऊन १९९० मध्ये बंद पडलेलं हे इंद्रजाल आमच्या पिढीचं दैवत. बार्शीत आमच्या गल्लीत एक अंक पाच-सहा घरं फिरायचा, आणि शेवटच्या घरी पोचेपर्यंत त्याचं मुखपृष्ठ गायब झालेलं असायचं. त्यातल्या मँड्रेक जादूगाराकडे एक स्फटिकाचा घन होता. तसाच दुसरा त्याच्या वडिलांकडे, म्हणजे थेरॉनकडे. कोब्रा नावाचा खलनायक सारखा या घनांच्या मागे. माझ्या आठवणीत त्या घनाच्या मदतीने मँड्रेक लांबच्या थेरॉनशी मनातल्या मनात बोलायचा. असा एक घन मिळाला तर गणिताच्या पेपरला काय बहार येईल, एवढाच तेव्हाचा विचार!

पुढे कळलं की असा घन खरोखर शोधायला निघालेला एक माणूस होऊन गेला. हान्स बर्गर, जर्मन डॉक्टर. १८९० च्या दशकात सैन्यात असताना तो घोड्यावरून पडला आणि तोफेच्या गाड्याखाली येता येता वाचला. त्याच दिवशी वडिलांची तार आली, तू बरा आहेस ना? लांब घरी असलेल्या बहिणीला अचानक अस्वस्थ वाटलं होतं आणि तिनेच तार करायला लावली होती. एका मनातून दुसऱ्या मनात काय गेलं, हे शोधण्यात बर्गरने आयुष्य घातलं. १९२४ मध्ये त्याने माणसाच्या मेंदूतल्या विद्युतलहरी नोंदवल्या, १९२९ मध्ये ते प्रसिद्ध केलं. मनामनातली तार काही सापडली नाही, पण ईईजी सापडला. आज फिट येणाऱ्या पेशंटच्या डोक्याला ज्या वायरी लावतात ना, त्या या शोधातून आल्या.

हे सगळं मी वाचलं ते हौस म्हणून नाही. २०११ च्या पावसाळ्यात अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, अर्धांगाचा झटका आला. मेंदूच्या डाव्या बाजूला. उजवा हात-पाय गेला आणि बोलणंही गेलं. अख्खं आयुष्य आडत दुकानात मुनीम म्हणून काढलेला, तुरीचे आणि ज्वारीचे भाव तोंडपाठ असलेला माणूस, आणि त्यांच्याकडे एकच शब्द उरला. "ते."

पाणी हवं असलं तरी ते. लाईट बंद कर, तरी ते. समजत मात्र सगळं होतं. आम्ही पाटी दिली, डाव्या हाताने नुसत्या रेघा उमटल्या. अक्षरांचा तक्ता केला, तोही उपयोगाचा नाही. डॉक्टर म्हणाले, हात अधू झाला एवढंच नाही, शब्द जिथे जुळतात तीच जागा दुखावली आहे. १८६१ मध्ये पॉल ब्रोका या फ्रेंच डॉक्टरने असाच एक पेशंट पाहिला होता. त्याला फक्त 'टॅन' एवढंच म्हणता यायचं. त्याच्या मेंदूवरूनच ब्रोकाने बोलण्याशी संबंधित जागा दाखवून दिली.

आणि आश्चर्य म्हणजे संध्याकाळी आई भगवंताची आरती म्हणायला लागली की अण्णा बरोबर म्हणायचे. शब्दन् शब्द! आरती संपली की पुन्हा ते. अशा पेशंटमध्ये हे होतं म्हणे. पाठ झालेलं, गायलेलं शाबूत राहतं, स्वतःचं नवं वाक्य जुळत नाही. पहिल्या दिवशी आई आनंदाने रडली. दुसऱ्या दिवशी ती नुसतीच रडली.

त्या महिन्यांत रोज दिवेलागणीला ते कपाटाकडे हात करून 'ते, ते' करायचे. आम्ही औषधं काढली, बँकेचं पुस्तक काढलं, फोटोंचा अल्बम काढला. ते मान फिरवायचे.

मग एक दिवस वैरागहून तात्या आले. अण्णांचे दुकानातले जुने सोबती. थोडा वेळ बसले, बघितलं, आणि खांद्यावरचा रुमाल काढून अण्णांच्या डाव्या हातावर टाकला. स्वतःचा हात आत घातला. म्हणाले, "बोला अण्णा."

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. आपल्याकडे जनावरांच्या बाजारात बैलाचा सौदा असा होतो. व्यापारी आणि दलाल रुमालाखाली एकमेकांची बोटं धरतात. जितकी बोटं धरली तितका आकडा. चारचौघांत सौदा होतो, पण भाव फक्त दोघांना कळतो. दोघांनीही तरुणपणी ही विद्या बाजारात उचललेली.

तात्यांनी विचारलं, "शेकडा? हजार?" हजारावर अण्णांनी तीन बोटं धरली. "येणं? देणं?" देण्यावर हात दाबला. मग तात्या दुकानातल्या एकेका जुन्या हमालाचं नाव घेत गेले आणि एका नावावर अण्णांनी हात सोडलाच नाही. त्या हमालाने मुलीच्या लग्नासाठी साठवलेले तीन हजार रुपये अण्णांकडे ठेवायला दिले होते. पाकीट कपाटात, जुन्या वह्यांच्या खाली होतं. तात्यांनी ते त्याच दिवशी पोचतं केलं. त्या रात्री अण्णा शांत झोपले.

यात जादू रुमालाची नव्हती, हे मला हळूहळू कळत गेलं. आम्ही विचारत होतो भूक, तहान, दुखणं. तात्यांनी विचारलं देणं-येणं. तीस वर्षं एका गादीवर बसलेल्या माणसालाच हा प्रश्न सुचू शकतो. निम्मं उत्तर त्या प्रश्नातच होतं.

२०२३ मध्ये अमेरिकेत एका बाईच्या मेंदूच्या पृष्ठभागावर २५३ इलेक्ट्रोड बसवून संगणकाने तिचं बोलणं मिनिटाला ७८ शब्दांच्या वेगाने उलगडून दाखवलं. झटक्यानंतर अठरा वर्षं तिची वाचा बंद होती. वाचून अंगावर काटा आला. पण तिच्या मनात शब्द जुळत होते, अडलं होतं ते ओठांवर. अण्णांचं अडलं होतं शब्द जुळण्याआधीच. तयार विचार उचलून आणणारं यंत्र तिथे काय आणणार? स्फटिकाच्या घनाची गोष्टही हेच गृहीत धरते, की विचार आत तयार असतो, फक्त पोचवायचा असतो.

आणि रुमालाची दुसरी बाजूही आहे. त्याच्या आडून दोघांना कळतं म्हणजे तिसऱ्याला कळत नाही, आणि तो तिसरा बहुधा ज्याचा माल आहे तो शेतकरी. म्हणून तर बाजार समित्यांनी उघड लिलाव आणला. उद्या मनं वाचणारी यंत्रं आली तर रुमालाबाहेर कोण उभं असेल, हे आधी विचारायला हवं.

अण्णा २०१३ मध्ये गेले. त्या पाकिटानंतरही 'ते' थांबलं नव्हतं. तात्या महिन्यातून एकदा यायचे, रुमाल टाकायचे, काही कळायचं, बरंच राहून जायचं. त्या सगळ्या 'ते' मध्ये काय काय होतं, देव जाणे.

तुमच्या घरात असं कुणी असेल तर एवढंच करा. त्यांच्या जुन्या सोबत्याला एकदा घरी बोलवा.