वाट करून देणारा

मनुष्य रस्त्याने चालतो तेव्हा त्याचे लक्ष मुक्कामाकडे असते. पायांखालची वाट कोणी केली, हा प्रश्न त्याच्या मनात सहसा येत नाही. युद्धकथा वाचतानाही आपले असेच होते. ठाणे कोणी जिंकले, हे आपणांस पाठ असते; तेथवर सैन्य पोहोचावे म्हणून ज्याने धोंडे दूर केले, त्याचे नाव आपण विचारीत नाही. सैन्यातील अभियंत्याच्या वाट्याला बहुधा ही उपेक्षाच येते. म्हणून आमच्या विद्यार्थीमित्रांना व त्यांच्या वडीलधाऱ्यांना मेजर राम राघोबा राणे ह्यांचे चरित्र थोडक्यात सांगावे, असे आम्हांस वाटले.

राणे ह्यांचा जन्म २६ जून १९१८ रोजी झाला. त्यांचे घराणे कारवारजवळील चेंडिये गावचे. वडील पोलीस शिपाई. त्यांच्या बदल्यांबरोबर मुलाच्या शाळाही बदलत गेल्या. दुसरे महायुद्ध चालू असता, १९४० साली, राणे ‘बॉम्बे इंजिनियर्स’मध्ये साधे शिपाई म्हणून भरती झाले. पुण्याजवळची खडकी हे ह्या पथकाचे माहेरघर. नव्या रंगरुटांत ते सर्वोत्कृष्ट ठरले. पुढे ब्रह्मदेशाच्या आघाडीवर त्यांनी काम केले आणि डिसेंबर १९४७ मध्ये ते अधिकारी झाले. सात वर्षे स्वतः कुदळ-फावडे चालविल्यानंतर त्यांच्या खांद्यावर तारा चढला होता, हे येथे ध्यानात ठेवावे.

त्यानंतर चारच महिन्यांनी त्यांची खरी परीक्षा झाली. जम्मू प्रांतातील राजौरी शत्रूच्या हाती होती व तेथील प्रजेचे फार हाल चालले होते. नौशेऱ्याहून राजौरीस जाणारा डोंगरी रस्ता शत्रूने सुरुंग पेरून, मोऱ्या उडवून व झाडे पाडून बंद केला होता. ८ एप्रिल १९४८ रोजी सुरुंग काढण्यासाठी राणे व त्यांचे साथीदार रणगाड्यांजवळ सज्ज असता उखळी तोफांचा मारा सुरू झाला. दोन जवान ठार झाले. पाच जखमी झाले, आणि त्या पाचांत स्वतः राणे होते. उरलेल्यांना एकत्र करून त्यांनी तत्काळ काम सुरू केले आणि रात्री दहापर्यंत थांबविले नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला पुन्हा आरंभ. कोठे आडवी झाडे सुरुंगाने उडवायची, कोठे तुटलेल्या मोरीला वळसा देऊन नवी वाट काढायची, असा क्रम दिवसभर चालला. १० तारखेस पहाटे पावणेपाचला ते पुन्हा रस्त्यावर होते, आणि वरून मशिनगन चालूच होती.

बंदूक हाती असलेल्या शिपायास गोळीचे उत्तर गोळीने देता येते. तेवढाच मनास आधार. परंतु ज्याची बोटे सुरुंगाभोवतीची माती हलकेच दूर करीत आहेत, त्याने उत्तर कसे द्यावे? मनातील भीती बोटांपर्यंत उतरू न देणे, एवढेच त्याच्या हाती असते. आमच्या मते धैर्याची ही कसोटी अधिक कठीण होय.

ह्या हकीगतीतील एक गोष्ट आम्हांस विशेष मोलाची वाटते. १० तारखेस रणगाडे रस्ता सोडून तावी नदीच्या पात्रातून पुढे निघाले व दुपारी दोनच्या सुमारास चिंगस येथे पोहोचले. आता विसावा घेतला असता तरी राणे ह्यांना कोणी बोल लावला नसता. परंतु मागून रसदीच्या गाड्या यावयाच्या होत्या, आणि त्यांना रस्ता हवा होता. राणे अन्न व विश्रांती ह्यांवाचून रात्री नऊपर्यंत खपत राहिले. दुसऱ्या दिवशी अकरा वाजेपर्यंत चिंगसचा रस्ता खुला झाला, तरी ते रात्री दहापर्यंत पुढची वाट मोकळी करीत होते. १२ एप्रिलला आपले सैन्य राजौरीत शिरले.

१९५० साली त्यांना परमवीरचक्र जाहीर झाले. १९६८ मध्ये ते मेजर म्हणून निवृत्त झाले आणि ११ जुलै १९९४ रोजी पुण्यात निवर्तले. कारवारच्या समुद्रकिनारी त्यांचा पुतळा आहे व जवळच ‘चपळ’ नावाची युद्धनौका प्रदर्शनार्थ ठेवलेली आहे. आम्ही तेथे गेलो तेव्हा मुलांची सारी धाव नौकेकडे होती. त्यात नवल नाही. क्षेपणास्त्रे डोळ्यांस दिपवितात, सुरुंग काढणारी बोटे कोणास दिसणार?

पालकहो, मुलगा अभियंता व्हावा अशी इच्छा आज घरोघरी ऐकू येते. ती इच्छा योग्यच आहे. मात्र पगाराचा आकडा सांगताना, आपल्या विद्येने मागून येणाऱ्या कोणाची वाट सुकर होईल, हेही त्यास एकदा विचारावे. आणि विद्यार्थीमित्रांनो, पुढे गेलेल्यांचा जयघोष कानी पडत असता मागच्यांसाठी रस्त्यावर थांबून राहण्याचा प्रसंग तुमच्यावरही येईल. त्या वेळी चिंगसच्या रस्त्यावरील ह्या जखमी अधिकाऱ्याचे स्मरण करा आणि हातचे काम पुरे करा.