तिथला पिन कळव

जांबोटी, ता. खानापूर
नागपंचमीचा दुसरा दिवस

चि. सोनूस,


सीमा रस्ते संघटनेत तुझी नेमणूक झाली आणि जागा अरुणाचलात मिळाली, हे तुझ्या आईनं फोनवर रडत रडत सांगितलं. आनंदानं रडते आहे की काळजीनं, हे तिचं तिलाच कळत नव्हतं. मग तू फोन घेतलास आणि विचारलंस, "मामा, डोंगरातल्या दहा घरांसाठी एवढा रस्ता कशाला, असं मैत्रिणी विचारतात. त्यांना काय सांगू?" तेवढ्यात आवाज तुटला. पावसात इथली रेंज अशीच जाते. म्हणून लिहायला बसलो.

माझी आत्या साखळीत दिलेली. तू तिला पाहिलेलं नाहीस. जांबोटीहून कणकुंबी, चोर्ला, मग घाट उतरला की साखळी. आज सकाळी निघालेला माणूस तिथं जेवून संध्याकाळी घरी परततो. तेव्हा गोव्यात पोर्तुगीज होते, पण आत्या माहेरपणाला येत होती, आमची माणसं जत्रेला तिकडे जात होती. तोवर साखळीला परदेश म्हणणं कुणाच्या मनातही आलं नव्हतं. १९५५ साली सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या, सरहद्द बंद झाली, आगगाडी कॅसलरॉकलाच थांबू लागली. त्यानंतरच्या सहा वर्षांत आत्याचा निरोप फक्त दोनदा आला, तोही चोरवाटेनं, कुणाकुणाच्या तोंडून. तिची सासू वारली हे आजीला वर्षभरानं कळलं.

दरम्यान १ नोव्हेंबर १९५६ ला आमचा बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. ते दुःख या भागात अजून निवलेलं नाही आणि मी ते लहान करून सांगणार नाही. पण कोल्हापूरच्या काकांचं पत्र त्या महिन्यातही आलं, पुढच्या महिन्यातही आलं. राज्य बदललं तरी काका दुरावले नाहीत. आत्या मात्र घाटाखाली, हाकेच्या अंतरावर म्हणावी अशी, आणि तिची खबर नाही. वडील हे पुन्हा पुन्हा बोलून दाखवत.

त्या काळात गावात एका घरी रेडिओ होता. वडील रात्री तिथं जाऊन बसत. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो या दोघांनी २५ नोव्हेंबर १९५५ पासून गोव्यासाठी एक गुप्त आकाशवाणी चालवली होती, आधी आंबोलीच्या आणि मग कॅसलरॉकच्या जंगलातून. कोकणीत आणि पोर्तुगीजमध्ये बोलत. वडिलांना पोर्तुगीज कळत नव्हतं, तरी ते शेवटपर्यंत ऐकत. मी एकदा विचारलं तर म्हणाले, "हेच आता ताईच्या घरातही ऐकत असतील." १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मोकळा झाला, तेव्हा त्याच दोघांनी विमानातून, ध्वनिक्षेपकावरून, ती बातमी लोकांना सांगितली.

पुढच्या उन्हाळ्यात आत्या घाट चढून आली. मी आठ वर्षांचा होतो. डोक्यावर सोलांचं गाठोडं, हाताशी पाच वर्षांची मुलगी. त्या मुलीनं आजीला पहिल्यांदाच पाहिलं. ती कोकणीत बोले, आजी मराठीत, आणि दोघींना पुरेसं कळत होतं. आजी तिचे पाय चोळत बसली होती. एवढी चालून आली म्हणून.

आता थोरल्या मामाचं ऐक. त्यांनी जन्मभर शेती केली, हे तुला माहीत आहे. का केली, ते माहीत नसेल. १९७१ साली त्यांना नोकरीच्या मुलाखतीचं बोलावणं आलं होतं. पाठवणाऱ्यानं पाकिटावर नाव, गाव आणि 'खानापूर' एवढंच लिहिलं. खानापूर तालुका सांगली जिल्ह्यातही आहे. पत्र आधी तिकडे गेलं, फिरलं आणि मुलाखतीची तारीख उलटल्यावर शिक्क्यांनी भरून आमच्या दारात आलं. दादांनी ते पाकीट टाकलं नाही. देव्हाऱ्याच्या फडताळात ठेवलं, अजून आहे.

पुढच्याच वर्षी, १५ ऑगस्ट १९७२ ला, पिन कोड आला. तो बसवला श्रीराम भिकाजी वेलणकर यांनी. कोकणातले, टपाल खात्यातले मोठे अधिकारी आणि संस्कृतचे कवी. सहा आकड्यांत पहिला विभागाचा, पहिले तीन मिळून छाटणीचा जिल्हा, शेवटचे तीन वाटपाच्या कचेरीचे. आमचं खानापूर ५९१ वर, सांगलीचं ४१५ वर. मला त्या वेळी वाटलं, हे गृहस्थ वर्षभर आधी का नाही आले! त्या तळमळीनंच मी १९७५ साली आरएमएसमध्ये, म्हणजे रेल्वे टपाल सेवेत, शिरलो.

धावत्या गाडीत, टपालाच्या डब्यात, उभ्यानं खणाखणांत पत्रं टाकायची. शेजारी धारवाडचा कानडी माणूस, पलीकडे कारवारचा. पत्ते तीन लिप्यांत. मोडीसारखं गिचमिड अक्षर असलं की धारवाडचा मला पाकीट दाखवी, कानडी असलं की मी त्याला. आकडे मात्र तिघांनाही वाचता येत. बेळगावचं बेळगावी झालं २०१४ साली. माझ्या तोंडात बेळगावच आहे आणि राहील. पण कुणी काहीही लिहिलं तरी ५९०००१ असेल तर पत्र पोचतंच, याचा मला आधार वाटतो.

मिरजेला गाडी बदलावी लागे. पुण्याकडून रुंद रूळ, आमच्या बाजूला मीटरगेज. दोन रुळांतला तो फरक दोन फुटांवर, पण त्यापायी प्रत्येक मेलबॅग एका गाडीतून उतरवून दुसरीत चढवायची. भर पावसात, रोज. नव्वदच्या दशकात आमच्याकडे रुंद रूळ आले आणि ते थांबलं. हमालांच्या खांद्यांवरून किती मनीऑर्डरी, किती लग्नपत्रिका गेल्या असतील, याचा विचार मी अजून करतो.

आणि आता तुझी दहा घरं. भीमगडच्या जंगलातली गवाळी, कोंगळा, आमगाव ही गावं आपल्याच तालुक्यातली. पावसाळ्यात ओढे भरले की तिथल्या आजारी माणसाला लाकडाला बांधून, खांद्यावर घेऊन, मैलोगणती चालत आणतात. फोन लागत नाही, म्हणून आधी कळवताही येत नाही. जंगल राखायला हवं, हे मला मान्य आहे. पण त्या आजारी माणसाला दवाखान्यात आणणारा रस्ता आपण इतक्या वर्षांत शोधू शकलो नाही, याची मला लाज वाटते. सहा वर्षं आत्या जशी होती, तशी ती माणसं दर पावसाळ्यात होतात, आणि मध्ये तर कुठलीच सरहद्द नाही. मैत्रिणींना आत्याचं सांग, आमगावचं सांग.

तुझ्यासाठी काजूगर भाजून ठेवले आहेत. पोचलीस की पत्ता कळव. अरुणाचलचे पिन ७९ ने सुरू होतात, सैन्याच्या टपालाचे ९ ने. तुझा कोणता ते नीट, सहाही आकडे, लिही.

तुझा,
मामा